कुलाचे ऋण आणि दुःखाचे कारण : बेर्ट हेलिंगर यांच्या ‘कुटुंब-मांडणी’ची चिकित्सा

एका दालनात तीस-चाळीस माणसे वर्तुळाकार बसलेली असतात. त्यांतील एकजण आपली व्यथा दोन-चार वाक्यांत सांगतो. मग तो उपस्थितांतूनच काही अनोळखी माणसे निवडतो. हा माझा पिता, ही माता, हा लहानपणी वारलेला भाऊ, आणि हा मी. त्यांना खांद्यांना धरून तो मधल्या मोकळ्या जागेत उभे करतो व स्वतः बाजूला जाऊन बसतो. उभ्या राहिलेल्यांना त्या कुटुंबाविषयी जवळजवळ काहीही ठाऊक नसते. तरीही थोड्या वेळात एकीला छातीत जडपणा जाणवू लागतो, दुसऱ्याची दृष्टी जमिनीकडे खिळते, तिसऱ्याला दालनाबाहेर निघून जावेसे वाटते. संचालक या संवेदनांची विचारपूस करतो, माणसांच्या जागा बदलतो, कुणाला कुणापुढे वाकावयास लावतो, काही ठरीव वाक्ये वदवून घेतो. आणि सर्वांस स्वस्थ वाटेल अशी रचना हाती आली की प्रयोग थांबतो. यालाच इंग्रजीत ‘फॅमिली कॉन्स्टेलेशन’ असे नाव आहे. मूळ जर्मन शब्द ‘फामिलिएनआउफ्श्टेलुंग’ असून त्यात नक्षत्रांचा काही संबंध नाही. ‘आउफ्श्टेलुंग’ म्हणजे उभे करणे, मांडणे. इंग्रजी भाषांतराने त्यावर ग्रहताऱ्यांची छाया पाडली. ती छाया अगदीच अस्थानी नाही, हे पुढे दिसेलच. परंतु प्रस्तुत लेखात आम्ही ‘कुटुंब-मांडणी’ हाच शब्द योजतो.

जर्मनीतून निघालेली ही पद्धती गेल्या तीन दशकांत युरोप, दक्षिण अमेरिका व आशियात पसरली आहे. मुंबई-पुण्याकडेही तिची शिबिरे भरतात आणि त्यांस जाणारा वर्ग सुशिक्षित असतो. दुःखाचे कारण काय आणि त्यातून सुटण्याचा मार्ग कोणता, हे दोन प्रश्न ही पद्धती विचारते. ज्या परंपरेचा आरंभच या दोन प्रश्नांनी होतो, त्या परंपरेच्या अभ्यासकास तिच्याकडे दुर्लक्ष करता येणार नाही.

पद्धतीचे जनक बेर्ट हेलिंगर यांचा जन्म 1925 साली जर्मनीतील लाइमेन येथे कॅथलिक कुटुंबात झाला. तरुणपणी सैन्यात भरती, पराभवानंतर बेल्जियममधील युद्धकैद्यांची छावणी, तेथून परतल्यावर मारियानहिल मिशनरी संघात प्रवेश, आणि मग दक्षिण आफ्रिकेत झुलू लोकांमध्ये सोळा वर्षांचे वास्तव्य, असा त्यांचा पूर्वार्ध आहे. 1970 च्या दशकाच्या आरंभी त्यांनी धर्मसंघ सोडला. पुढे व्हिएन्ना येथे मनोविश्लेषण, अमेरिकेत आर्थर जानोव यांच्याकडे ‘आदिम चिकित्सा’, एरिक बर्न यांचा व्यवहार-विश्लेषणाचा विचार, असे बरेच काही त्यांनी पाहिले. 1993 साली गुंटहार्ट वेबर यांनी त्यांच्या शिबिरांतील संवाद संकलित करून ग्रंथरूपाने प्रसिद्ध केले आणि सत्तरीकडे झुकलेले हेलिंगर एकाएकी जर्मनीभर ठाऊक झाले. पुढील वर्षी त्यांचा ‘ऑर्डनुंगेन डेअर लीबे’ म्हणजे ‘प्रेमाचे क्रम’ हा ग्रंथ आला. 2019 साली त्यांचे निधन झाले. त्यांच्या विचारात झुलूंच्या पूर्वजपूजेचा वाटा किती, यावर त्यांचे अनुयायी बरेच लिहितात. धर्मांतर घडविण्यास गेलेला उपदेशक तेथून पूर्वज घेऊन परतला, ही गोष्ट खरी असल्यास मोठी गमतीची आहे. पण आमच्या विवेचनास तिचे फारसे महत्त्व नाही.

महत्त्व आहे ते दुसऱ्या एका उसनवारीला. माणसे उभी करून नातेसंबंध दाखविण्याची रीत हेलिंगर यांच्याही आधीची आहे. जेकब मोरेनो यांचे मनोनाट्य आणि व्हर्जिनिया सॅटिर यांची ‘कुटुंब-शिल्पे’ हे तिचे पूर्वसूरी होत. परंतु तत्त्वज्ञानाचा गाभा आला तो हंगेरीतून अमेरिकेत गेलेले मनोविकारतज्ज्ञ इव्हान बोसोर्मेनी-नॉज यांच्याकडून. ‘अदृश्य निष्ठा’ या अर्थाच्या शीर्षकाचा त्यांचा सहलिखित ग्रंथ 1973 साली प्रसिद्ध झाला. त्यांच्या मते प्रत्येक कुटुंबात एक न लिहिलेली खतावणी असते. कोणी कोणासाठी काय सोसले, कोणाचे कोणाकडे काय येणे राहिले, याची नोंद पिढ्यान् पिढ्या चालत येते, आणि जे देणे योग्य ठिकाणी फेडले जात नाही ते भलत्याच्या, बहुधा अपत्याच्या, खाती टाकले जाते. नॉज यांच्या खतावणीस दोन बाजू आहेत. मुलावर अन्याय झाला असेल तर त्या मुलाचे मातापित्यांकडे न्याय्य येणे आहे, हे ते स्पष्ट म्हणतात. आणि त्यांचा उपाय आहे जिवंत माणसांतील संवाद. चिकित्सकाने एकेकाची बाजू आळीपाळीने उचलून धरावयाची, अनुपस्थिताचीही, आणि हिशेब त्याच माणसांत बोलून मिटवावयाचा. हेलिंगर यांनी ही खतावणी घेतली. तिची येणे बाजू मात्र अपत्याच्या पानावरून पुसून टाकली. आमच्या मते या पद्धतीची सारी गुंतागुंत या एका कृत्यात आहे.

मात्र दोषदिग्दर्शनापूर्वी तिच्यातील सत्यांशही सांगितला पाहिजे, आणि तो थोडाथोडका नाही. हेलिंगर यांचे सदसद्विवेकबुद्धीविषयीचे प्रतिपादन खरोखर विचारात घेण्याजोगे आहे. विवेकबुद्धी आपणास सत्य-असत्य, न्याय-अन्याय सांगते असे आपण समजतो. ते म्हणतात, तसे नव्हे. ती केवळ एवढेच सांगते की या वर्तनाने मी माझ्या समूहाचा राहीन की त्यातून बाहेर फेकला जाईन. समूहास मानवेल असे वागलो की निर्दोष वाटते, न मानवेल असे वागलो की अपराधी वाटते. म्हणूनच माणसे मोठमोठी दुष्कृत्ये शांत मनाने करतात आणि एखादे न्यायाचे कृत्य करताना त्यांचे हात थरथरतात. ज्यांनी सार्वजनिक पाणवठ्यावर माणसाला पाणी नाकारणारे, आणि तरीही रात्री स्वस्थ झोपणारे सज्जन पाहिले आहेत, त्यांना हा सिद्धान्त समजावून सांगण्याची गरज नाही.

दुसरा सत्यांश वगळलेल्या माणसासंबंधी आहे. प्रत्येक कुटुंबात ज्याचे नाव घ्यावयाचे नाही असा कोणी तरी असतो. वेड लागलेली आत्या, तुरुंगात गेलेला काका, लग्नाआधी झालेले मूल, पहिली बायको. हेलिंगर यांच्या मते कुलातील प्रत्येकास त्यात स्थान असण्याचा समान अधिकार आहे. तो नाकारला गेला की नंतरच्या पिढीतील कोणी तरी नकळत त्या वगळलेल्याचे दुःख जगू लागतो. या विचाराला जर्मनीत एवढा प्रतिसाद का मिळाला हे समजावयास 1945 नंतरची जर्मन घरे डोळ्यांपुढे आणावी लागतात. आजोबा युद्धात कोठे होते, काय करीत होते, शेजारचे ज्यू कुटुंब कोठे गेले, हे विचारावयाचे नाही असा तेथे कित्येक घरांत अलिखित नियम होता. त्या मौनाखाली वाढलेल्या दोन पिढ्यांना प्रथमच कोणी तरी अनोळखी माणसांच्या साक्षीने म्हणत होता, त्यालाही उभे करा, त्याचेही नाव घ्या. शिबिरांत लोक ढसाढसा रडत. ते रडणे नाटकी होते असे म्हणण्याचा अधिकार आम्हास नाही.

पण कुटुंबातील मौन पोरांना बाधते, हे एक निरीक्षण झाले. त्याला कारणे देता येतात. आईबापांचे भय, अपुरी उत्तरे, घरातील चिडचिड, सांगितलेल्या व न सांगितलेल्या गोष्टी यांतून ते पुढे जाते. येथे हेतु आहेत, प्रत्यय आहेत. ते शोधता येतात आणि बदलता येतात. हेलिंगर या निरीक्षणावर थांबत नाहीत. ते त्याचा नियम करतात आणि नियमामागे एक ‘कुलात्मा’, त्याच्याही मागे एक ‘महान आत्मा’ उभा करतात. अनोळखी प्रतिनिधीला छातीत जडपणा वाटतो तो या आत्म्याच्या हालचालीमुळे, असे त्यांचे म्हणणे. त्यांच्या परंपरेतील आल्ब्रेख्ट मार यांनी यालाच ‘जाणते क्षेत्र’ हे नाव दिले, आणि इतर काहींनी रूपर्ट शेल्ड्रेक यांच्या रूपजनक क्षेत्राच्या कल्पनेशी, जी विज्ञानाने स्वीकारलेली नाही, त्याचा संबंध जोडला. ज्या धम्मात अनत्ताचा सिद्धान्त मध्यवर्ती आहे त्याच्या अभ्यासकाने येथे क्षणभर थांबावे. व्यक्तीचा आत्मा समोरच्या दाराने घालवून दिला, आणि कुळाचा आत्मा मागच्या दाराने आत घेतला, तर घालवले ते काय?

हेलिंगर आपल्या पद्धतीस ‘घटनावैज्ञानिक’ म्हणतात. त्यांचा दावा असा की आपण कोणताही हेतू न धरता, कोणतीही धारणा न बाळगता जे समोर प्रकटते ते केवळ पाहतो. हुसर्ल यांच्यापासून चालत आलेल्या त्या तत्त्वज्ञानात धारणा कंसात ठेवून पाहावयाचे असते हे खरे. पण आधी आलेला वरच्या स्थानी, नंतर आलेला खालच्या; आईबापांनी द्यावयाचे, मुलांनी घ्यावयाचे; स्त्रीने पुरुषामागे त्याच्या कुळात जावयाचे व पुरुषाने स्त्रीत्वाची सेवा करावयाची. या त्यांच्या धारणा कोणत्या कंसात ठेवल्या? त्या तर प्रत्येक मांडणीच्या अखेरीस निष्कर्ष म्हणून परत येतात. जे पेरले तेच उगवले, एवढेच तेथे प्रकटते.

मज्झिम निकायातील देवदह सुत्तात या प्रकारच्या ज्ञानाची उलटतपासणी आहे. माणूस जे जे सुखदुःख भोगतो ते सर्व पूर्वी केलेल्या कर्मामुळेच, असे म्हणणाऱ्या निगण्ठांना तथागत साध्या भाषेत प्रश्न विचारतात. तुम्ही पूर्वी होता हे तुम्हास ठाऊक आहे काय? तुम्ही अमुक दुष्कृत्य केले हे ठाऊक आहे काय? एवढे दुःख फिटले, एवढे उरले, हे ठाऊक आहे काय? प्रत्येक वेळी उत्तर नकारार्थी येते. पुढे विषारी बाण लागलेल्या माणसाची उपमा आहे. त्याला बाण शिरल्याची वेदना ठाऊक असते, वैद्याने सळई घालून शोध घेतल्याची वेदना ठाऊक असते, जखम भरल्याचेही ठाऊक असते. ज्याला बाणच दिसलेला नाही त्याने मात्र तो अमक्या दिशेने आला असे छातीठोकपणे सांगू नये. मांडणीच्या संचालकास हेच प्रश्न विचारून पाहावेत. या बाईच्या आजीचे एक मूल दडवून ठेवले गेले होते, हे तुम्हास कशावरून कळले? समोर उभा असलेला अनोळखी गृहस्थ जमिनीकडे पाहतो यावरून? संयुत्त निकायातील सीवकाला दिलेले उत्तरही असेच आहे. वेदनेला पित्त, कफ, वात, ऋतुबदल, बाहेरून झालेला आघात अशी अनेक कारणे असतात. सारे काही एकाच कारणात कोंबणारा स्वतःला ठाऊक असलेले आणि जगाने खरे मानलेले, दोन्ही ओलांडून जातो.

यावर अनुयायांचे उत्तर ठरलेले आहे : पण लोकांना बरे वाटते. ते खोटे नाही. हायडेलबर्ग येथील संशोधकांनी 208 प्रौढांना दोन गटांत विभागून तीन दिवसांच्या शिबिराचा परिणाम तपासला व 2013 साली निष्कर्ष प्रसिद्ध केले. शिबिरास गेलेल्यांच्या मानसिक स्थितीत चार महिन्यांनंतरही सुधारणा दिसली. 2021 साली प्रसिद्ध झालेल्या एका आढाव्यात 12 अभ्यास तपासले गेले आणि त्यांतील बहुतेकांत लाभ आढळला. हे आकडे झाकून ठेवून टीका करणे बरे नव्हे. मात्र हायडेलबर्गच्या प्रयोगात तुलना होती ती नंतर शिबिर मिळावयाचे होते अशा, वाट पाहणाऱ्या गटाशी. तीन दिवस सहानुभूतीने ऐकणाऱ्या माणसांत बसणे, मनातील गोष्ट उघड बोलणे, कोणी तरी आपल्या आईच्या जागी उभी राहून रडणे, यांचाच तो परिणाम नव्हे काय, हे त्यातून ठरत नाही. कुलात्मा आहे हे तर मुळीच ठरत नाही. मत्रिकाने रोग्याच्या हातात पाण्याचा पेला दिला आणि रोग्याची तहान भागली, तर त्यातून पाण्याचा गुण सिद्ध होतो, मंत्राचा नव्हे.

आता येणे बाजू पुसण्याचा परिणाम पाहू. हेलिंगर यांच्या मांडणीत अपत्याने मातापित्यांपुढे वाकावयाचे असते. तुम्ही मोठे, मी लहान, अशा आशयाचे वाक्य उच्चारावयाचे असते. सर्वसाधारण कुटुंबात हे कदाचित निरुपद्रवी ठरेल. पण पित्याने जिच्यावर अत्याचार केला त्या मुलीलाही त्यांनी पित्याचा मान राखावयास सांगितले. त्या अत्याचारामागे मातेसाठी मुलीने नकळत केलेला त्याग पाहिला. येथे अपराध्याचा अपराध ‘क्रमा’त विरघळून जातो आणि जिच्यावर आघात झाला तिच्याच माथी त्याचे कारण येते. मारेकरी आणि बळी एकाच कुळाचे होतात, दोघांनाही एकमेकांशेजारी झोपवले की शांती येते, असे ते ज्यूंच्या हत्याकांडाविषयीही म्हणत. 2004 साली त्यांच्या एका पुस्तकात हिटलरला उद्देशून लिहिलेले चिंतन आले. त्यात त्या हुकूमशहाकडे आपल्यासारखाच एक माणूस म्हणून पाहिले होते. त्यावर जर्मनीत गदारोळ झाला. ज्या मौनाविरुद्ध ही पद्धती उभी राहिली होती, तिने त्या मौनाच्या जागी नमस्कार आणून ठेवला. नाव घेतले गेले. जाब विचारला गेला नाही.

1997 साली लाइपझिग येथे मोठ्या श्रोतृवर्गासमोर झालेल्या एका शिबिरात पतीपासून विभक्त झालेली एक डॉक्टर स्त्री उभी राहिली. हेलिंगर यांनी तिच्या हृदयाच्या थंडपणाविषयी श्रोत्यांना सांगितले, मुले पित्याकडेच सुरक्षित असल्याचे म्हटले, ती उठून गेल्यावर तिच्या जाण्याचा अर्थ मृत्यूही असू शकेल असे सूचित केले. काही दिवसांतच तिने आपले जीवन संपविले. एखाद्या मृत्यूचे कारण एका वाक्यावर लादता येत नाही. तसे केले तर आम्हीही हेलिंगर यांचीच पद्धती वापरल्यासारखे होईल. परंतु ज्याने थोडाही वैद्यकीय विनय शिकला आहे तो असे वाक्य शेकडो लोकांसमोर उच्चारीत नाही. जुलै 2004 मध्ये जर्मनीतील ‘सिस्टेमिशे गेझेलशाफ्ट’ या व्यावसायिक संघटनेच्या पुढाकाराने ‘पोट्सडाम घोषणापत्र’ निघाले. मांडणीची पद्धती स्वतः वापरणाऱ्या चिकित्सकांचाही त्यास पाठिंबा होता. गूढ व प्रश्नातीत शब्दयोजना, सरसकट नियम, माणसास हीन करणारे विधी, आणि सत्य केवळ संचालकासच दिसते असा आव, यांवर त्यांनी बोट ठेवले. टीका बाहेरच्यांनी केली नाही, घरातल्यांनीच केली, हे ध्यानात घ्यावे.

मातापिता आणि अपत्य यांच्या नात्याचा विचार दीघ निकायातील सिगालोवाद सुत्तात आहे, आणि त्याचा आरंभ हेलिंगर यांच्या दालनाशी फार जुळणारा आहे. राजगृहाचा सिगाल नावाचा तरुण पहाटे ओल्या वस्त्रांनी सहा दिशांना वाकत असतो. का? तर मरताना पित्याने तसे करण्यास सांगितले होते. तो मृताच्या आज्ञेने वाकतो आहे, आणि का वाकतो हे त्याला ठाऊक नाही. तथागत त्याला हिणवीत नाहीत, त्याच्या पित्यासही दोष देत नाहीत. ते दिशांचा अर्थ बदलतात. पूर्व म्हणजे मातापिता, पश्चिम म्हणजे पत्नी, खालची दिशा म्हणजे दास व कामकरी. अपत्याने मातापित्यांसाठी पाच गोष्टी करावयाच्या, त्यांत दिवंगतांच्या नावे दान देणेही आहे. आणि लगेच मातापित्यांनी अपत्यासाठी पाच गोष्टी करावयाच्या. पत्नीने पतीसाठी, तसे पतीने पत्नीसाठी. सेवकाने धन्यासाठी, तसे धन्याने सेवकासाठी. काम शक्ती पाहून द्यावे, आजारपणात शुश्रूषा करावी. एकही दिशा एकतर्फी नाही. नॉज यांची दुहेरी खतावणी येथे अडीच हजार वर्षांपूर्वी उघडलेली दिसते, आणि तीही पूर्वजाची आज्ञा पाळणाऱ्याच्या समोर.

डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांनी ‘बुद्ध आणि त्यांचा धम्म’ या ग्रंथात पूर्वजन्मीच्या कर्माचा सिद्धान्त का नाकारला, हेही येथे आठवते. त्यांचा रोख केवळ तर्कावर नव्हता. दरिद्री व पददलितांच्या स्थितीची जबाबदारी समाजाने व शासनाने टाळावी, याखेरीज त्या सिद्धान्ताचे दुसरे प्रयोजन त्यांना दिसले नाही. हेलिंगर पूर्वजन्माच्या जागी पूर्वज ठेवतात. बदल तपशिलाचा आहे. नोकरी टिकत नाही, कारण पणजोबांनी कोणाची तरी जमीन घेतली. मूल होत नाही, कारण आजीचे पहिले प्रेम नाकारले गेले. कारखाना का बंद पडला, वैद्यकीय तपासणीत काय निघाले, हे प्रश्न मग कोण विचारणार? 1956 साली नागपुरास घेतलेल्या बावीस प्रतिज्ञांत श्राद्ध व पिंडदान न करण्याची प्रतिज्ञा आहे. आपल्याकडील पितृदोषाच्या कल्पनेशेजारी ही जर्मन पद्धती किती सहज जाऊन बसते हे पाहिले म्हणजे त्या प्रतिज्ञेचा रोख केवळ विधीवर नव्हता हे कळते.

पद्धती दालनातून निघून शासनात शिरली म्हणजे काय होते याचे उदाहरण ब्राझीलमध्ये मिळते. तेथे बाहिया राज्यातील एका न्यायाधीशाने कौटुंबिक दाव्यांत मांडणीचा वापर सुरू केला व ती प्रथा अन्य न्यायालयांत पसरली. 2018 साली आरोग्य मंत्रालयाने तिला सार्वजनिक आरोग्यसेवेतील पूरक उपचारांत स्थान दिले. मारहाणीची तक्रार घेऊन आलेल्या स्त्रीला न्यायालयाच्या सावलीत ‘क्रम’ समजावून सांगितला जाणे म्हणजे काय, याची कल्पना करणे कठीण नाही. 2023 साली तेथील मानसशास्त्रज्ञांच्या केंद्रीय परिषदेने तांत्रिक टिपण प्रसिद्ध केले आणि ही पद्धती मानसशास्त्रज्ञाच्या व्यावसायिक नीतीशी विसंगत असल्याचे आपल्या सदस्यांस कळविले.